आधी वादपत्राचं पहिलं पान काढ

प्रिय ज्युनियर,

काल रात्री तुझा मेसेज आला, ‘तिघांपैकी एक भागीदार वारले, आता दावा आपोआप संपला ना?’ नाही संपला. फक्त देणं कोणाकडून आणि कशातून वसूल होणार, ते बदललं.

वादपत्र म्हणजे वादीचा मूळ लेखी दावा; त्याच्या पहिल्या पानावर प्रतिवादी म्हणून कोणाचं नाव आहे, ते आधी बघ. वादीने, म्हणजे सूतवाल्याने, थकलेल्या बिलांसाठी या तिघांच्या दादरच्या दुकानावर पेढीच्या (भागीदारी फर्मच्या) नावाने दावा लावला असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 30, नियम 4 लागतो. भागीदार दाव्याआधी गेलेला असो वा दावा चालू असताना, वारसांना पक्षकार करणं आवश्यक नाही. दावा तसाच पुढे चालतो. वारसांना स्वतःहून यायचं असेल तर अर्ज करता येतो.

तिघांची नावं वेगवेगळी घातली असतील, तर मग आदेश 22. मृत्यूपासून 90 दिवसांत वादीने वारस रेकॉर्डवर आणायचे, नाहीतर दावा त्या एका प्रतिवादीपुरता अबेट होतो, म्हणजे गळून पडतो. बाकीचे दोघे सुटत नाहीत. भागीदारी कायद्याच्या कलम 25 प्रमाणे पेढीच्या देण्याला प्रत्येक भागीदार संयुक्तपणे आणि एकेकटाही जबाबदार असतो. शिवाय अबेटमेंट उठवायला वादीला आणखी 60 दिवस मिळतात, त्यावर दिरंगाई माफीचा अर्ज आहेच. तेव्हा ‘90 दिवस गप्प बसू’ हे जे तुझ्या मनात घोळतंय (घोळतंय, मला माहीत आहे), ते काढून टाक. आपला पक्षकार वारल्याचं कळलं की न्यायालयाला कळवणं वकिलावर बंधनकारक आहे, आदेश 22, नियम 10-अ. मृत्यूच्या दाखल्याची प्रत जोडून पुरसिस (न्यायालयाला माहिती देणारं छोटं लेखी निवेदन) दे. सिटी सिव्हिलमध्ये तुला अजून कोणी ओळखत नाही. लपवाछपवीने ओळख व्हायला नको.

खरी मेहनत सूतवाल्याच्या खातेउताऱ्यावर आहे. मृत्यूच्या तारखेवर पेन्सिलने आडवी रेघ मार. रेघेच्या वरच्या बिलांना मयताची मालमत्ता जबाबदार. रेघेखालच्या मालाला नाही, मग पेढी करारानुसार चालू राहिलेली असो (भागीदारी कायदा, कलम 35) किंवा विसर्जित झालेली असो (त्याच कायद्याचं कलम 45), आणि जाहीर नोटीस दिलेली नसली तरीही. आता जमेची बाजू बघ. मृत्यूनंतर दुकानाने सूतवाल्याला जे चेक दिले, ते कुठल्या बिलापोटी? देणाऱ्याने सांगितलं नसेल आणि घेणाऱ्यानेही ठरवलं नसेल, तर करार कायद्याच्या कलम 61 प्रमाणे आधी जुनी बिलं फिटतात. म्हणजे रेघेखालच्या जमेने रेघेवरचं देणं उतरतं. वहिनींच्या, म्हणजे मयताच्या पत्नीच्या, दृष्टीने अख्ख्या केसमध्ये याहून मोलाचा कागद नाही, आणि तू मेसेजमध्ये त्याचा उल्लेखही केला नाहीस. चेकसोबतची पत्रं, व्हॉट्सअ‍ॅपवरचे निरोप, सगळं मागव.

वहिनींना डोंबिवलीच्या फ्लॅटची धास्ती आहे. फ्लॅट त्यांचा स्वतःचा, स्वतःच्या पैशाचा असेल तर त्याला धक्का नाही. वारस म्हणून त्यांची जबाबदारी नवऱ्याकडून हातात जे आलं तेवढ्यापुरतीच. हुकूमनामा वारसांवर झाला तरी संहितेचं कलम 52 हेच सांगतं. त्यातही भागीदारी कायद्याचं कलम 49 विसरू नकोस: मयताच्या खासगी मालमत्तेतून आधी त्याची खासगी देणी फिटतात, उरलं तर पेढीची. नवरा भागीदार होता म्हणून बायको आपोआप भागीदार होत नाही, हे त्यांना शांतपणे समजावून सांग.

पण एक ताकीद आजच फोन करून दे. तेराव्याला भेटायला आलेला घेणेकरी सांत्वनाबरोबर बाकी कबुलीचा कागदही पुढे करतो. ‘नुसती सही करा वहिनी, हिशोबापुरती.’ कुठेही सही करायची नाही. ‘मी फेडीन’ असं लिहून दिलं की तो गडी त्यावरच नवा दावा उभा करायला बघणार. बँकेला नवऱ्याने किंवा त्यांनी स्वतः वैयक्तिक हमी दिली होती का, तेही विचार. त्याचा हिशोब निराळा.

दोनच भागीदार असते, तर एक वारल्यावर एकच उरला असता, आणि मग भागीदारीपत्रात ‘मृत्यूनंतरही पेढी चालू राहील’ असं लिहूनही उपयोग नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने 1965 मध्ये सेठ गोविंदराम शुगर मिल्सच्या प्रकरणात हे स्पष्ट केलं. इथे तिघे आहेत, म्हणून भागीदारीपत्रातलं ते कलम शब्दन् शब्द वाचावं लागेल. वहिनींकडच्या झेरॉक्सवर विसंबू नकोस. वांद्र्याला निबंधकांकडून पेढीच्या नोंदीचा उतारा काढ, आणि मूळ भागीदारीपत्र घेऊन सोमवारी साडेनऊला चेंबरवर ये.

तुझा,
सर