वाचकांचे प्रश्न : पिल्लांसाठी जागा कशी तयार करावी?

प्रश्न : पौडजवळ आमच्या घरामागे गुरांचा जुना गोठा रिकामा आहे. डिसेंबरात सुधारित देशी जातीची एक दिवसाची १०० पिल्ले आणण्याचा विचार आहे. जागेची तयारी कशी करावी?
– एक वाचक, ता. मुळशी, जि. पुणे

उत्तर : गोठा चालेल, मात्र पिल्ले येण्याआधी किमान दोन आठवडे तयारीला लागावे. जुने शेण खरवडून काढावे, जमीन धुऊन वाळू द्यावी, भिंतींना चुना लावावा आणि उंदीर-घुशींची बिळे बुजवून खिडक्यांना बारीक जाळी बसवावी. कोरड्या जमिनीवर भाताचे तूस दोन ते तीन इंच पसरावे. मुळशीत ते भातगिरणीवर सहज मिळते. फक्त बुरशी धरलेले घेऊ नये. पिल्लांनी तूस टिपू नये म्हणून पहिले काही दिवस त्यावर खरबरीत कागद अंथरावा, कारण गुळगुळीत कागदावर पाय घसरून फाकतात.

त्यावर पत्र्याचे किंवा पुठ्ठ्याचे दीड फूट उंचीचे, पाच फूट व्यासाचे गोल कडे उभारावे आणि पिल्ले वाढतील तसे ते रुंद करावे. चौकोनी कुंपण टाळावे. गारठ्यात पिल्ले कोपऱ्यात एकमेकांवर चढतात आणि खालची गुदमरतात.

खरी कसोटी उबेची आहे. दर पिल्लामागे सुमारे दोन वॅट धरून ६० वॅटचे चार साधे, तारेचे बल्ब टांगावेत. हल्ली दुकानात एलईडीच पुढे केला जातो, पण त्याची ऊब पिल्लांना पुरत नाही. बल्ब २४ तास आधी लावावेत, कारण हवा तापली तरी तूस गारच राहते आणि पिल्लांचे पोट त्यावरच टेकते. पहिल्या आठवड्यात पिल्लांच्या पाठीच्या उंचीवर ३५ अंश सेल्सिअस तापमान असावे आणि पुढे ते दर आठवड्याला सुमारे ३ अंशांनी उतरवावे. तरीही तापमापकापेक्षा पिल्लांवर अधिक विश्वास ठेवावा : ती बल्बखाली गोळा होऊन सतत ओरडू लागली तर ऊब कमी आहे, चोची उघडून कडेला गेली तर जास्त आहे, आणि सगळी एकाच बाजूला दाटली तर कुठून तरी वारा शिरतो आहे, असे समजावे. त्या बाजूला गोणपाट लावावे. मात्र वरचा फूटभर भाग उघडा ठेवावा, नाहीतर विष्ठेतला अमोनिया आत कोंडतो.

वीज गेल्यास कोळशाची शेगडी वापरता येईल, पण ती कड्याबाहेर, जाळीआड ठेवावी आणि तेवढा वेळ वरची हवा मुळीच अडवू नये.