गुलाबी पडलेला समुद्र

प्रश्न: मला हल्ली १९५० च्या आसपासच्या अमेरिकन टुरिझम फिल्म्स बघायचा नादच लागलाय, फ्लोरिडा, हवाई वगैरे. काहींचे रंग अजून एकदम ताजे नि काही पार गुलाबी पडलेल्या, असं का होतं? आणि त्यात दाखवतात ते कितपत खरं मानायचं?

उत्तर: ताज्या दिसतात त्यातल्या बऱ्याच कोडाक्रोमवरच्या असणार. १९३५ मध्ये आलेली ही १६ मिमी फिल्म अंधारात नीट ठेवली तर रंग कित्येक दशकं धरून ठेवते. १९५० मध्ये ईस्टमनकलर ही दुसरी रंगीत फिल्म आली, ती पटापट लोकप्रिय झाली, पण तिच्या जुन्या प्रिंट्समधला निळसर डाय सगळ्यात आधी उडतो आणि मग आकाश काय नि समुद्र काय, सगळं गुलाबीच.

खरंखोटं ठरवताना आधी पैसे कुणाचे ते बघायचं. पॅन अ‍ॅमसारखी विमान कंपनी, रेल्वे, नाहीतर तिथलं सरकार. ह्या फिल्म्स शाळांना, क्लबांना, चर्चना बहुतेक वेळा फुकट मिळायच्या, परत पाठवायचं पोस्टेज तेवढं भरायचं, म्हणजे खरं तर ती जाहिरातच, पण लोक ती ज्ञान म्हणून बसून बघायचे! त्यामुळे पाऊस नाही, गर्दी नाही, कुणी घामाघूम झालेलं नाही.

पण म्हणून त्या टाकाऊ अजिबात नाहीत, मला तर त्यातलं कडेकडेचंच जास्त महत्त्वाचं वाटतं. फ्लोरिडातलं सिल्व्हर स्प्रिंग्ज हे झऱ्यांचं पर्यटनस्थळ घ्या, काचेच्या तळाच्या बोटींसाठी प्रसिद्ध. त्या बोटींचे बरेच कॅप्टन कृष्णवर्णीय होते, पाण्याखालचं एकूणएक दाखवत गोऱ्या पर्यटकांना फिरवायचे, पण तेव्हाच्या वर्णभेदामुळे त्यांच्याच बायकामुलांना पर्यटक म्हणून तिथे यायला बंदी, त्यांच्यासाठी १९४९ मध्ये तिथूनच निघणाऱ्या नदीवर थोडं खाली पॅराडाईज पार्क नावाची वेगळी जागा काढली, ती १९६९ पर्यंत चालली. निवेदक ह्यातलं अक्षरही बोलणार नाही. कॅमेरा मात्र दाखवून जातो, कारण बोट दाखवायची तर ती चालवणारा फ्रेममध्ये येणारच ना. मला हे पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा फिल्म मागे नेऊन आधी बघितलेल्या सगळ्या बोटी परत बघितल्या.

अजून बघायच्या असतील तर रिक प्रेलिंगर यांनी जमवलेला असल्या जुन्या फिल्म्सचा संग्रह शोधा, २००२ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसने तो घेतला, त्यातलं बरंच काही इंटरनेट आर्काइव्हवर फुकट आहे. एकदा आवाज बंद करून बघा, नजर आपोआप मागच्या माणसांकडे जाते.