‘द ग्रेट एस्केप’ सिनेमात दाखवलंय ते सगळं खरं आहे का? आत्ता बघण्यासारखा आहे का?

दुसऱ्या महायुद्धात जर्मनांच्या कॅम्पातून पळालेल्या युद्धकैद्यांचा सिनेमा आहे हा, पण त्यातली मोटारसायकल खोटी आहे, हे आधी लिहून घ्या. कुंपणावरून मारलेली ती उडी अख्खी बनवलेली, आणि तीही सिनेमाचा हिरो स्टीव्ह मॅक्वीनने नाही, बड एकिन्स नावाच्या त्याच्या मित्राने मारलीये. आमचा चुलत दादा मात्र अजून प्रत्येक लग्नात सांगतो की तो बाइकवाला खरा होता. पुरावा काय तर सिनेमाच्या सुरुवातीला तशी पाटी येते, पळून जायचा प्रत्येक तपशील घडला तसाच आहे म्हणून. अरे पाटीचं काय घेऊन बसलायस!

आठवीच्या मे महिन्यात काकांकडे कॅसेट आणून बघितला होता आम्ही. कैदी बोगदा ढासळू नये म्हणून पलंगाच्या फळ्या लावतात ना, तर आम्हीही परसात चिकूखाली खणायला घेतलं. दादा साहेब, खणणार मी. माती पँटच्या खिशातून नेऊन आळ्यात टाकायची, पण वरची काळी आणि खालचा मुरूम तांबडा, लगेच दिसायचं (खऱ्या कॅम्पातही हाच घोळ होता, खालची वाळू पिवळी). फळ्या घेतल्या आजीच्या पलंगाच्या, पाच, वर गादी नीट अंथरून ठेवली. दुपारी आजी जेवून आडवी झाली ती थेट खाली, पाय वर. फार लागलं नाही पण मार मी एकट्याने खाल्ला, दादा म्हणे मला माहीतच नाही.

खरं काय ते सांगतो. मार्च १९४४, झागानचा कॅम्प, तेव्हा जर्मनीत आणि आता पोलंडमध्ये. तीन बोगदे, टॉम, डिक, हॅरी. हॅरी शंभरेक मीटर लांब, तरी झाडीच्या अलीकडेच उघडला. ७६ जण बाहेर पडले, ७३ सापडले, त्यातले ५० हिटलरच्या हुकमावरून गोळ्या घालून मारले. सुटले तिघंच, दोन नॉर्वेचे आणि एक डच. पळणाऱ्यांत अमेरिकन एकही नाही, म्हणजे मॅक्वीनच्या अमेरिकन बाइकवाल्याचा प्रश्नच मिटला.

हां, अमेरिकनांनी आधी खोदायला मदत केली होती, नंतर त्यांना दुसऱ्या भागात हलवलं. म्हणजे अमेरिकन तिथे होते, तेवढंच दादाचं बरोबर.

बघा जरूर, जवळजवळ तीन तासांचा आहे. आणि त्या पाचातल्या तीन फळ्या दादाने काढल्या होत्या.