लाप्लासने उद्याच्या सूर्योदयाची संभाव्यता काढली होती म्हणतात, मग 'आजवर घडलं म्हणून उद्याही घडेल' हे गणिताने सिद्ध झालं का?

तुम्ही विचारलंय की कुठल्याशा व्हिडिओत उद्या सूर्य उगवेल याच्या बाजूने १८,२६,२१४ ला १ असा आकडा ऐकला, तो खरा आहे का आणि त्याने तत्त्वज्ञ ह्यूमचा प्रश्न, म्हणजे आजवर घडलं म्हणून उद्याही घडेल कशावरून, हा सुटतो का. आकडा खरा आहे, लाप्लास या फ्रेंच गणितज्ञाचाच आहे. प्रश्न मात्र सुटत नाही. मी बरीच वर्षं स्टॅटिस्टिक्स शिकवतोय आणि हा विषय मला फार जवळचा आहे, त्यामुळे जरा लांब लिहितो.

लाप्लासने १८१४ च्या निबंधात असं धरलं की इतिहास साधारण ५००० वर्षांचा, म्हणजे १८,२६,२१३ दिवस, आणि त्यातल्या प्रत्येक दिवशी सूर्य उगवला. मग त्याचा नियम असा, की जितक्या वेळा घडलं त्यात १ मिळवा आणि एकूण वेळा अधिक २ ने भागा. म्हणजे १८,२६,२१४ भागिले १८,२६,२१५, उगवण्याच्या बाजूने १८,२६,२१४ आणि विरुद्ध १. हा १ आणि २ कुठून आले हे सहसा कोणी सांगत नाही, विद्यार्थी नुसतं पाठ करतात, आणि खरी गंमत तर तिथेच आहे.

त्यासाठी थॉमस बेजचं टेबल घ्या. बेज इंग्लंडमधला पाद्री, १७६१ साली गेला, त्याचा निबंध त्याच्या मागे रिचर्ड प्राइसने १७६३ मध्ये रॉयल सोसायटीकडे पाठवला. समजा एक सपाट टेबल आहे, त्यावर एक चेंडू टाकला, तो कुठेही थांबू शकतो, सगळ्या जागा सारख्याच. थांबला तिथे उभी रेघ मारली. तुम्ही पाठमोरे आहात, रेघ कुठे आहे तुम्हाला माहीत नाही, मी एकेक चेंडू टाकत जातो आणि फक्त एवढंच सांगतो की रेघेच्या उजवीकडे पडला की डावीकडे. समजा १० टाकले आणि दहाही उजवीकडे. आता पुढचा? टेबलावर रेघवाला धरून ११ चेंडू झाले, त्यांच्यामुळे टोकाच्या दोन धरून १२ जागा तयार झाल्या, आणि चेंडू नेमके कुठे आहेत हे तुम्हाला दिसत नसल्यामुळे पुढचा चेंडू त्या बारांपैकी कुठल्याही जागेत पडायची शक्यता तुमच्या दृष्टीने सारखीच. रेघवाला सगळ्यात डावीकडे आहे, त्याच्या डावीकडे फक्त एक जागा उरते. म्हणून उजवीकडे पडायची संभाव्यता ११/१२. झालं, हाच लाप्लासचा नियम, आणि कॅल्क्युलसची गरजही पडली नाही.

पण आपण काय काय गृहीत धरलं बघा. चेंडू एकमेकांची पर्वा न करता पडतात, टेबल मधेच कोणी हलवत नाही, आणि रेघ कुठेही असू शकते, सगळीकडे सारखीच. उद्याचं टेबल आजचंच असेल, हेच तर आपल्याला सिद्ध करायचं होतं ना! ते आपण आधीच हातात धरून बसलो.

आणि हाच नियम बाहेर लावला की काय होतं तेही बघा. १० वर्षांच्या मुलाने अकरावं वर्ष पूर्ण करायची शक्यता ११/१२, आणि ९० वर्षांच्या आजोबांनी एक्क्याण्णवावं पूर्ण करायची ९१/९२, म्हणजे म्हातारपणी माणूस जास्तच सुरक्षित. सूर्याचंही तसंच, उद्याची खात्री जवळपास पूर्ण, पण सूर्य पुढची ५००० वर्षं रोज न चुकता उगवेल याची शक्यता त्याच गणिताने जेमतेम निम्मी निघते, आणि 'कायम उगवेल' याची शून्य. हे मी पहिल्यांदा स्वतः करून बघितलं तेव्हा दोनदा तपासलं, वाटलं आपलंच चुकलं. नाही, बरोबर आहे.

मला वाईट याचं वाटतं की लोक या आकड्यावरून लाप्लासला भोळा ठरवतात. त्याने लगेच पुढच्याच वाक्यात म्हटलंय की दिवस आणि ऋतू चालवणारं तत्त्व ज्याला कळलंय त्याच्यासाठी ही खात्री याहून कितीतरी मोठी आहे. म्हणजे आकडा अशा माणसासाठी आहे ज्याला सूर्याबद्दल मोजणीपलीकडे काहीच माहीत नाही. असा माणूस कुठे असतो?

नुसती मोजणी पुरत नाही हे आपल्याकडे नैयायिकांनी, म्हणजे न्यायदर्शनाच्या तर्कपंडितांनी, फार बारकाईने बघितलंय. धुरावरून अग्नीचं अनुमान सगळ्यांना माहीत असतं, पण उलटं घ्या, 'जिथे अग्नी तिथे धूर'. हजार चुली बघितल्या, हजारही वेळा धूर दिसला, तरी नियम चुकीचा, कारण तापून लाल झालेल्या लोखंडाच्या गोळ्यात अग्नी आहे आणि धूर नाही. धूर येतो तो ओल्या इंधनामुळे, आणि अशा लपलेल्या अटीला ते उपाधी म्हणतात. दाखले वाढवत बसण्यापेक्षा उपाधी शोधा, हा त्यांचा आग्रह मला लाप्लासच्या त्या दुसऱ्या वाक्याच्या अगदी जवळचा वाटतो. आजोबांच्या उदाहरणात म्हातारपण आलं की आधीची मोजणी लागू होत नाही, हे कुठलाही आकडा आपणहून सांगणार नाही.

आता मूळ प्रश्न. ह्यूमने १७४८ मध्ये लिहिलं की 'उद्या सूर्य उगवणार नाही' यात काही विसंगती नाही, ते नीट कल्पना करता येतं. आणि भविष्य भूतकाळासारखं असेल हे अनुभवाने सिद्ध करायला गेलात तर तेच आधी धरावं लागतं. चार्वाकांचा आक्षेपही असाच होता, व्याप्ती (म्हणजे 'जिथे धूर तिथे अग्नी' असा कायमचा संबंध) अनुमानाने सिद्ध करायची तर त्या अनुमानाला आणखी एक व्याप्ती लागते, मग ती कशावरून? म्हणून 'पृथ्वी स्वतःभोवती फिरते, तिला थांबवणारं काही नाही' असं म्हटलं तरी तो नियम उद्याही चालेल कशावरून हे उरतंच. फरक एवढाच की आता सूर्योदय एकटा उभा नाहीये, तेच गतीचे नियम ग्रहणं सांगतात, आणि त्याच नियमांवरून गणित मांडून १८४६ मध्ये नेपच्यून सापडला, सांगितलेल्या जागेपासून एका अंशाच्या आत. १८ लाख सकाळी मोजण्यापेक्षा मला हा आधार कितीतरी मजबूत वाटतो, तरी तो तार्किक पुरावा नाही.

गंगेश या नैयायिकाने १४ व्या शतकात या शंकेला जे उत्तर दिलं ते मला आजवर सगळ्यात प्रामाणिक वाटलंय. तो विचारतो, धूर अग्नीशिवायही होईल अशी खरंच शंका असेल तर धूर हवा असताना तू अग्नीच का आणतोस, भूक लागल्यावर जेवतोस का? तुझं वागणं शंकेच्या विरुद्ध आहे, तिथे शंका थांबते. यातून सूर्याबद्दल काही सिद्ध होत नाही, शंका घेणाऱ्याबद्दल होतं, आणि तुम्ही विचारलेल्या प्रश्नाला मला तरी यापुढे नेता आलेलं नाही.