हप्ता किती बसतो आणि घर कितीला पडतं
वाचकांचे प्रश्न : घर आणि कर्ज

प्रश्न : काका, मी जिल्हा परिषदेच्या शाळेवर शिक्षिका आहे, वय 38. मिस्टरांची औसा तालुक्यात चार एकर कोरडवाहू आहे, सोयाबीन आणि तूर घेतो. दोघांचं मिळून वर्षाला साडेआठ लाख उत्पन्न धरा. सध्या लातुरात सात हजार भाड्यानं राहतो. एका नव्या बिल्डिंगमध्ये 32 लाखांचा फ्लॅट बघितलाय, अजून दोन स्लॅब पडायचे आहेत. 25 लाख कर्ज लागेल. बँक साडेआठ टक्क्यांनी 20 वर्षांसाठी देते, हप्ता 21,696. बिल्डरच्या ऑफिसातला माणूस म्हणतो, गृहवित्त कंपनीकडून 30 वर्षांचं घ्या, हप्ता 19,223 वर येतो, आणि व्याजावर टॅक्स वाचतो म्हणून कर्ज महाग पडतच नाही. सोबत 90 हजारांचा विमा घ्यावाच लागेल, पण तो कर्जातच बसवून देतो म्हणाला. काय करावं?
– एक शिक्षिका, लातूर

उत्तर : ताई, त्या माणसानं तुम्हाला महिन्याचे 2,473 रुपये वाचवून दाखवले. त्यापायी दहा वर्षांचे जास्तीचे हप्ते भरावे लागतात, ते मात्र सांगितलं नाही. दर दोन्हीकडं साडेआठच धरू. 20 वर्षांत तुम्ही एकूण 52 लाख 7 हजार भरता, त्यातलं व्याज 27 लाख 7 हजार. 30 वर्षांत एकूण 69 लाख 20 हजार, व्याज 44 लाख 20 हजार. म्हणजे अडीच हजार रुपयांच्या सोयीसाठी 17 लाख 13 हजार जादा. तेवढ्यात आणखी अर्धा फ्लॅट आला असता.

मी लातुरात गंजगोलाईजवळच्या बँकेच्या एका शाखेत बरीच वर्षं कर्जाच्या टेबलावर होतो. समोर बसणारा पहिला प्रश्न एकच विचारायचा, "साहेब, हप्ता किती बसंल?" एकूण किती भरावे लागतील, हे विचारणारा क्वचित भेटायचा. विचारलं तर आम्ही सांगायचो. आपण होऊन सांगायची तेव्हा रीत नव्हती. आता ती सक्ती आहे. 1 ऑक्टोबर 2024 पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमानं सही करण्याआधी 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावंच लागतं. त्यात फी, कर्जदाराच्या माथी मारलेला विमा, इतर खर्च सगळं धरून वर्षाचा खरा दर किती पडतो ते लिहिलेलं असतं, आणि कोणत्या हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती याचा तक्ताही असतो. बँकेकडून आणि त्या कंपनीकडून, दोघांकडून तो कागद मागा आणि शेजारी शेजारी ठेवून वाचा. जो द्यायला टाळाटाळ करेल त्याच्याकडं पुन्हा जाऊ नका.

तक्त्याची पहिली ओळ बघा. 25 लाखांवर साडेआठ टक्क्यांनी पहिल्या महिन्याचं व्याज 17,708. हप्ता 21,696. मुद्दलातून कमी झाले 3,987 रुपये. पाच वर्षं तुम्ही हप्ते भरत राहिलात, एकूण 13 लाख गेले, तरी कर्ज उरतं 22 लाख 3 हजार. अर्धी मुदत, म्हणजे दहा वर्षं संपली, तरी साडेसतरा लाख बाकी असतात. लोक तेव्हा बँकेत येऊन भांडतात, काहीतरी घोळ आहे म्हणतात. घोळ नसतो. उरलेल्या मुद्दलावर व्याज लागतं आणि सुरुवातीला मुद्दल मोठं असतं, एवढंच. पण यातूनच तुमच्या कामाची गोष्ट निघते : सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेला रुपया सगळ्यात जास्त काम करतो.

आता तुमचं वय. तुम्ही 58 ला निवृत्त होणार, म्हणजे 20 वर्षांचं कर्ज बरोबर निवृत्तीबरोबर संपतं. 30 वर्षांचं घेतलं तर 68 पर्यंत हप्ता. 1 नोव्हेंबर 2005 नंतर लागलेल्यांना जुनी पेन्शन नाही, आणि वयावरून तुम्ही त्यातल्याच दिसता. पगार थांबल्यावर दहा वर्षं 19 हजार कुठून आणणार? त्यामुळं 30 वर्षांचा विषय माझ्या मते इथंच मिटला.

मग 15 वर्षांचं का नको, असं कुणी म्हणेल. त्याचा हप्ता 24,619 येतो आणि व्याज साडेसात लाखांहून जास्त वाचतं. पगारदाराला मी तेच सांगितलं असतं. पण तुमचं अर्धं घर पावसावर आहे. औंदा पाऊस बरा झाला म्हणून पुढच्या साली होईल याची हमी नाही, आणि हप्ता काही दुष्काळ बघून थांबत नाही. तुम्ही 20 वर्षांचंच घ्या आणि सोयाबीनचे पैसे आले की दिवाळीनंतर एकदा जादा भरणा करा. दरवर्षी 40 हजार टाकले तरी कर्ज पावणेपंधरा वर्षांत फिटतं आणि व्याजाचे सुमारे आठ लाख वाचतात. एखाद्या साली शेंगाच भरल्या नाहीत, तर त्या वर्षी भरू नका. कुणी विचारायला येत नाही. बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतीआधी भरण्याबद्दल दंड घेता येत नाही, बँकांना ही बंदी 2012 पासून आहे. फक्त भरताना लेखी द्या : हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. हप्ता कमी करून घेतला, तर फायद्यातला मोठा भाग हातचा जातो.

विमा. कर्जाला आयुर्विमा जोडलाच पाहिजे असा रिझर्व्ह बँकेचा नियम नाही. घराच्या इमारतीचा आगीचा वगैरे विमा बँक मागते, तो वेगळा आणि स्वस्त. तुमच्यामागं घरच्यांवर कर्ज राहू नये हा विचार शंभर टक्के बरोबर आहे, त्यासाठी साधा टर्म इन्शुरन्स, म्हणजे मुदतीत माणूस गेला तरच पैसे देणारा विमा घ्या, हप्ता वर्षाला खिशातून भरा, पुढं बँक बदलली तरी तो तुमच्याकडंच राहतो. कर्जात बसवलेल्या 90 हजारांचा हप्ता महिन्याला 781 रुपये होतो. 20 वर्षांत त्या नव्वदाचे 1 लाख 87 हजार होतात.

त्यात आणखी एक गोम आहे, आणि ती त्या माणसाला ठाऊक नसावी किंवा असूनही त्याला फरक पडत नसावा. प्रधानमंत्री आवास योजना शहरी 2.0 मध्ये वर्षाला 9 लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्यांना व्याजाचं अनुदान आहे : पहिल्या 8 लाखांवर 4 टक्के, जास्तीत जास्त 1 लाख 80 हजार, पाच वार्षिक हप्त्यांत. अट अशी की घर 35 लाखांपर्यंतचं आणि कर्ज 25 लाखांपर्यंतचं हवं. तुम्ही बरोबर काठावर बसता. विम्याचे नव्वद हजार आत घुसवले की कर्ज 25 लाख 90 हजार होतं आणि तुम्ही काठावरून पलीकडं जाता. तुमच्या दोघांपैकी कुणाच्याही नावावर देशात कुठंच पक्कं घर नसावं, हीही अट आहे. गावाकडचं घर सासऱ्यांच्या नावावर असेल तर अडचण नाही. मिस्टरांच्या नावावर असेल तर मात्र योजनेचं विसरा.

टॅक्सचं म्हणाल, तर नव्या करपद्धतीत 12 लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर करच लागत नाही, आणि स्वतः राहायच्या घराच्या व्याजाची वजावट त्या पद्धतीत मिळतही नाही. तुमच्या पगारावर जो कर बसतच नाही, तो व्याज भरून वाचवणार कसा? हे वाक्य दहा वर्षांपूर्वी खपत होतं, अजून लोक तेच म्हणतात.

राहिलेले दोन स्लॅब. ताबा मिळेपर्यंत बँक जेवढी रक्कम बिल्डरला देईल तेवढ्यावर नुसतं व्याज घेते, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. साडेबारा लाख गेले असतील तर महिन्याला 8,854 रुपये, आणि त्यातला एक रुपयाही मुद्दलात जात नाही. वर सात हजार भाडं चालूच. ताबा वर्षभर लांबला तर हे दोन्ही मिळून दोन लाखांच्या आसपास जातात, आणि ते कुठल्याच हिशेबात धरलेले नसतात. महारेराच्या, म्हणजे बिल्डरांवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी प्राधिकरणाच्या संकेतस्थळावर त्या प्रकल्पाची पूर्ण होण्याची तारीख बघून या. बिल्डर तोंडी सांगतो ती वेगळी असते. जमलं तर पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा.

जीएसटी 5 टक्के सांगितला असेल तर अडवा. 45 लाखांपर्यंतचं आणि आपल्यासारख्या शहरात 90 चौरस मीटरपर्यंत कार्पेटचं (म्हणजे भिंतींच्या आतल्या वापरायच्या जागेचं) बांधकाम चालू असलेलं घर परवडणाऱ्या घरांत मोडतं, त्याला 1 टक्का. घर एकट्या तुमच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कातही 1 टक्का सवलत आहे, म्हणजे 32 हजार. मिस्टरांचं नाव सोबत टाकलं की ती जाते. घरात बोलून ठरवा, मी त्यात पडत नाही.

आणि पाणी. 2016 च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आणलेलं हे शहर आहे. बोअर किती फूट आहे, मे महिन्यात ती चालते का, टँकरचे पैसे सोसायटीच्या मेंटेनन्समध्ये येतात की वेगळे काढतात, हे शेजारच्या बिल्डिंगमधल्या बायकांना विचारा. बिल्डरला विचारून उपयोग नाही. तो खर्च 20 वर्षांनंतरही संपत नाही.

प्रश्न : मी 2021 च्या सुरुवातीला बँकेतून 20 लाखांचं घरकर्ज घेतलं. दर 6.9, मुदत 20 वर्षं, हप्ता 15,386. हप्ता आजपर्यंत बदलला नाही, एकही चुकवला नाही. आता शिल्लक 18 लाख 80 हजार आहे आणि शेवटचा हप्ता 2048 मध्ये दाखवतंय! बँकेत विचारलं तर "सिस्टीमनं केलं" म्हणतात.
– एक दुकानदार, नांदेड

उत्तर : दादा, हप्ता बदलला नाही हीच तर अडचण झाली. तुमचं कर्ज रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दरानं पैसे देते त्याला बांधलेलं. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 मध्ये रेपो 4 वरून साडेसहावर गेला, तुमचा दर 6.9 वरून 9.4 झाला. तेव्हा शिल्लक साधारण 19 लाख असणार. 19 लाखांवर 9.4 टक्क्यांनी महिन्याचं व्याज 14,883. हप्ता 15,386. मुद्दलात पडत होते पाचशे रुपये. दर तिथंच राहिला असता तर तुमचं कर्ज फिटायला तिथून पुढं साडेछत्तीस वर्षं लागली असती. 2025 मध्ये रेपो सव्वा टक्क्यानं उतरला म्हणून निदान 2048 तरी दिसतंय.

सिस्टीमनं केलं हे खरं, पण तुम्हाला न विचारता करायला नको होतं. ऑगस्ट 2023 च्या रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदारानं निवडायचं असतं. अर्ज द्या : कर्ज 2041 लाच संपवायचं आहे, त्याप्रमाणे हप्ता बसवा. 8.15 टक्के दर धरला तर तो 18,130 च्या घरात येईल. महिन्याला पावणेतीन हजार जड जातील, पण 2048 पर्यंत ओढण्याच्या तुलनेत साडेसात लाख वाचतील. सगळं एकदम झेपत नसेल तर हजारानं वाढवा, पण वाढवा. अर्जाच्या प्रतीवर शाखेचा शिक्का घ्यायला विसरू नका.

एक वेगळं सांगतो, तुम्हाला लागू नाही. गृहवित्त कंपनीचं कर्ज असलेल्यांना रेपो उतरल्याचा फायदा आपोआप मिळेलच असं नाही. रेपोसारख्या बाहेरच्या दराला कर्ज बांधायची सक्ती बँकांना आहे, कंपन्यांचा आधारदर त्यांचा स्वतःचा असतो. पेपरात 'व्याजदर घटले' वाचून खुश झालेले कितीतरी जण वर्षभर जुनाच दर भरतात.

प्रश्न : प्लॉट आणि घरावरचं कर्ज तीन महिन्यांपूर्वी संपूर्ण फेडलं. मूळ खरेदीखत मुख्य कार्यालयात आहे, येईल, एवढंच बँक सांगते.
– एक वाचक, परभणी

उत्तर : कर्ज फिटल्यापासून 30 दिवसांत मूळ कागद परत द्यायचे असतात. बँकेमुळं उशीर झाला तर त्यापुढच्या प्रत्येक दिवसाला 5,000 रुपये भरपाई, हा नियम 1 डिसेंबर 2023 पासून आहे. तोंडी चौकशी बंद करा. कर्ज बंद झाल्याची तारीख घालून लेखी तक्रार द्या, त्यात या भरपाईचा उल्लेख करा. महिन्यात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं ऑनलाइन तक्रार करा, तिला फी नाही. माझा अनुभव असा की भरपाईचा शब्द कागदावर आला की मुख्य कार्यालय फार लांब राहत नाही.

कागदांसोबत बेबाकी दाखला, म्हणजे काही बाकी नसल्याचा कागद घ्या. तो घेऊन तलाठ्याकडं जा आणि सातबाराच्या इतर हक्कात बँकेचा बोजा चढवलेला असेल तर कमी करायचा अर्ज द्या. मिळकत पत्रिका असेल तर नगर भूमापन कार्यालयात. कर्ज फेडून वर्षं उलटली तरी बोजा तसाच राहिलेले उतारे मी पाहिलेत, आणि ते कळतं पोरीच्या लग्नाला प्लॉट विकायला काढल्यावर. फेरफार मंजूर झाला की नव्या उताऱ्याची नक्कल काढून स्वतः वाचून बघा.