एडिटरने एकच प्रकार धरावा का?

तुम्ही विचारलंय की लग्नाचे व्हिडिओ आणि जाहिराती एडिट करून झाल्या, आता सिनेमात यायचंय, तर कॉमेडी किंवा थ्रिलर असा एकच प्रकार धरावा का. मी मुंबईत फ्रीलान्स एडिटिंग करते. माझं उत्तर: इतक्यात धरू नका.

हिंदी सिनेमाच्या एडिटर रेणू सलुजा यांचं काम सलग बघा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या. १९८३ मध्ये त्यांनी एडिट केलेले 'जाने भी दो यारो' आणि 'अर्धसत्य' दोन्ही आले. पहिल्यात महाभारताच्या नाटकाचा प्रसंग आहे. स्टेजवर नुसता गोंधळ, जो तो प्रेताच्या मागे. पण कोण कुठे आहे, कुणाला काय हवंय, हे आपल्याला एकदाही शोधावं लागत नाही, म्हणून तर हसू फुटतं. 'अर्धसत्य'मध्ये ओम पुरींचा राग आत साठत जातो आणि घाईने कट मारून आपली सुटका केली जात नाही. पुढे 'परिंदा', 'बँडिट क्वीन', सुभाष घईंचा 'परदेस', आणि नागेश कुकुनूर यांचा अगदी थोड्या पैशात झालेला 'हैदराबाद ब्लूज'. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर'साठी राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली गेल्या, तेव्हा पन्नाशीही झाली नव्हती. मला अजून हळहळ वाटते.

एकीकडे शिकलेलं दुसरीकडे कामी येतं. डॉक्युमेंटरीतली मुलाखत घ्या. उत्तर देण्याआधी माणूस श्वास घेतो, नजर खाली जाते, ओठ हलतात आणि शब्द येत नाही. नवखा एडिटर नेमका तेवढाच तुकडा उडवतो. तो ठेवून बघा, कित्येकदा खरं उत्तर तिथेच असतं. ही नजर बसली की फीचरमध्ये, म्हणजे पूर्ण लांबीच्या कथापटात, नट वाक्य संपवून थांबलाय की खरंच गप्प झालाय, ते लगेच दिसतं. जाहिरातींची सवयही वाया जात नाही. फापटपसारा कुठला, हे तुम्हाला आत्ताच कळत असणार.

शोरीलमध्ये, म्हणजे आपल्या कामाचे नमुने दाखवणाऱ्या व्हिडिओत, म्युझिकवर कापलेला माँटाज (छोट्या तुकड्यांची जोडणी) नको. दोन-तीन पूर्ण सीन ठेवा, त्यातला एक तरी दोन माणसांच्या साध्या संवादाचा. तो सगळ्यात अवघड असतो आणि दिग्दर्शकाला तोच बघायचा असतो.

व्यवहाराचं थोडक्यात: कामाआधी ॲडव्हान्स घ्या. करेक्शनच्या फेऱ्या किती, हे मेलवर लिहून घ्या आणि पिक्चर लॉकनंतरच्या (म्हणजे सगळे कट पक्के ठरल्यानंतरच्या) बदलांचे पैसे वेगळे सांगा. ओळखीतल्या माणसाचं काम असलं तरीही.