रात्री दीड वाजताचा डोस

"मॅडम, डोस जास्त तर नाही ना झाला?" हा प्रश्न खरं तर बालरोगतज्ज्ञांना विचारायचा. मी समुपदेशक; माझ्याकडे तो आडवाटेने येतो. झोप लागत नाही, चिडचिड होते, घरात सारखी धुसफुस चालू असते, अशा तक्रारींच्या पोटात तो लपलेला असतो. आता तो इतक्यांदा ऐकलाय, की लहान मूल असलेले पालक समोर बसले की मी मध्येच विचारते, "घरात औषध कोण देतं?" बहुतेक वेळा दोघं आधी एकमेकांकडे बघतात.

ही गोष्ट अशाच एका जोडप्याची. ओळख पटेल असं सगळं बदललंय. आकडे मात्र तसेच ठेवलेत, कारण घोळ आकड्यांतच होता.

मुलगा चार वर्षांचा, वजन १४ किलो. संध्याकाळी ताप चढला. घरातली पॅरासिटामॉलची बाटली तळाला गेली होती, म्हणून बाबा नवी घेऊन आले. डॉक्टरांनी पूर्वी साडेसात मिली सांगितलं होतं, तेवढंच नव्या बाटलीतून दिलं, रात्री आठला. दीड वाजता आईने दुसऱ्यांदा दिलं आणि तिचा डोळा लागला. तीनला बाबांना जाग आली. मुलाचं अंग चटका बसावा असं तापलेलं, बायको गाढ झोपेत. त्यांनी मोबाइलच्या उजेडात पुन्हा साडेसात मिली पाजलं.

सकाळी दोघं बोलले तेव्हा तीन डोसांचा उलगडा झाला. मग दोन्ही बाटल्या शेजारी ठेवल्यावर दुसरा धक्का बसला. जुन्या बाटलीवर लिहिलं होतं, ५ मिलीमध्ये १२० मिलिग्रॅम. नव्या बाटलीवर, ५ मिलीमध्ये २५०.

म्हणजे जे साडेसात मिली जुन्या बाटलीतून १८० मिलिग्रॅम होतं, ते नव्यातून ३७५ झालं. तीनदा दिल्यावर ११२५, तेही सात तासांत. पॅरासिटामॉलचा एका वेळचा डोस किलोमागे १० ते १५ मिलिग्रॅम असतो, म्हणजे या मुलासाठी १४० ते २१०. चोवीस तासांची मर्यादा बरेच डॉक्टर किलोमागे ६० धरतात, फार तर ७५. त्याच्या बाबतीत ८४०, ताणून १०५०. एका रात्रीतच ती ओलांडली गेली होती.

ते लगेच रुग्णालयात गेले, हे त्यांनी सगळ्यात चांगलं केलं. मूल हसतंखेळतंय, म्हणजे काही झालं नसेल, असं म्हणून घरी थांबले नाहीत. पॅरासिटामॉल जास्त झालं तर यकृताला होणारी इजा पहिल्या दिवशी बहुधा दिसतच नाही, आणि त्यावरचा उतारा पहिल्या आठ तासांत सर्वांत चांगला लागू पडतो. लक्षणांची वाट बघत बसलं तर नेमकी तीच वेळ हातची जाते. डॉक्टरांनी रक्त तपासलं, मुलाला देखरेखीखाली ठेवलं आणि दुसऱ्या दिवशी घरी सोडलं. यकृत ठणठणीत होतं.

मुलगा बरा झाला. आई झाली नाही.

दोन महिन्यांनी ती एकटीच माझ्याकडे आली. मुलाला शिंक आली तरी छातीत धडधडतं, रात्री दर वीस मिनिटांनी थर्मामीटर लावते, नवऱ्याशी नीट बोलणं होत नाही. पहिल्या दोन भेटींत मी जे केलं ते आज सांगायला अवघड वाटतं. मी तिला धीर दिला. "डॉक्टरांनी सांगितलंय ना, काही झालेलं नाही." ती मान डोलवायची, हलकी होऊन जायची आणि आठवड्याने दुप्पट धास्तावून यायची. धीर दिला की भीती तेवढ्यापुरती बसते आणि पुढच्या वेळी आणखी धीर मागते, हे मी विद्यार्थ्यांना शिकवते. तरी समोर रडणारी आई बसली की शिकवलेलं विसरायला होतं.

तिसऱ्या भेटीत ती सहज बोलून गेली, "गेल्या आठवड्यात कान दुखत होता त्याचा. दोन रात्री रडला. मी दिलं औषध, पण अर्धाच चमचा."

"अर्धाच का?"

"जास्त नको व्हायला."

मला इथे थांबावंसं वाटलं. कानदुखीने कळवळणाऱ्या १४ किलोच्या मुलाला अर्धा चमचा, म्हणजे १२०च्या बाटलीतलं अडीच मिली धरलं तर ६० मिलिग्रॅम. किलोमागे जेमतेम चार. लागू पडेल असा डोस नाहीच तो. आधी औषध जास्त झालं होतं, आता पुरत नव्हतं, आणि दोन्ही वेळा मोजणारी भीतीच होती. मूल कुठेच नव्हतं त्यात.

मी तिला म्हटलं, पुढच्या वेळी नवऱ्याला घेऊन या. सोबत घरातल्या औषधाच्या सगळ्या बाटल्या आणा, आणि तो चमचाही.

ती भेट माझ्या कायमची लक्षात राहिली. टेबलावर पाच बाटल्या, दोन स्टीलचे चमचे आणि बाटलीबरोबर मिळालेली, पाकिटातून कधी बाहेरच न काढलेली एक प्लॅस्टिकची सिरिंज. मी पेल्यात पाणी घेतलं. "तुमचा एक चमचा भरा आणि सिरिंजमध्ये ओढा." पहिल्या चमच्यात तीन मिली निघालं. दुसऱ्यात साडेसहा. दोघं त्या सिरिंजच्या रेघांकडे बघतच राहिले. मोजमापाचा चमचा पाच मिलीचा असतो; घरातला चमचा कारखान्याला हवा तेवढा असतो.

मग बाटल्या वाचायला घेतल्या. सर्दीच्या एका मिश्रणाच्या लेबलवर बारीक अक्षरांत पॅरासिटामॉल निघालं. सर्दीचं मिश्रण आणि तापाचं औषध सोबत दिलं, की एकच औषध दोनदा पोटात जातं. तान्ह्या बाळांच्या थेंबांची जुनी बाटली होती, तिच्या एका मिलीत १०० मिलिग्रॅम. थेंबांच्या औषधातून कुणी सिरपच्या मापाने पाच मिली काढलं तर काय होईल, याचा हिशोब बाबांनी मनातल्या मनात केला. चेहऱ्यावरून कळलं.

एकात आयब्युप्रोफेन होतं. ते तापाचंच, पण वेगळं औषध, त्याचे नियमही वेगळे. किलोमागे ५ ते १० मिलिग्रॅम, दोन डोसांत सहा ते आठ तास. सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला डॉक्टरांना विचारल्याशिवाय द्यायचं नाही. उलट्या-जुलाबांनी अंगातलं पाणी कमी झालं असेल, कांजिण्या असतील, मूत्रपिंडाचा त्रास असेल किंवा डेंग्यूची शंका असेल तर ते टाळायचं. दोन्ही औषधं आलटून पालटून द्यायची पद्धत बऱ्याच घरांत आहे. माझं मत विचाराल तर डॉक्टरांनी वेळा लिहून दिल्याशिवाय त्या भानगडीत पडू नये. अर्ध्या झोपेतल्या माणसाला दोन घड्याळं सांभाळता येत नाहीत. ॲस्पिरिन मात्र सोळा वर्षांखाली स्वतःहून कधीच नाही. रेज सिंड्रोम हा विरळा पण मेंदू आणि यकृत या दोन्हींवर उठणारा आजार त्याच्याशी जोडला गेलेला आहे.

तुम्ही म्हणाल, समुपदेशक बाई औषधविक्रेत्याचं काम कधीपासून करायला लागल्या? माझं उत्तर साधं आहे. भीतीशी वाद घालून मी कधीच जिंकलेले नाही. तिच्या हातात सिरिंज दिली की ती निदान कामाला लागते.

खरी गाठ त्यानंतर सुटली. बाटल्या पिशवीत भरता भरता आई नवऱ्याला म्हणाली, "मला उठवलं असतंस तर?" आवाजात दोन महिन्यांचा साचलेला राग होता. तो बराच वेळ काही बोलला नाही. मीही बोलले नाही, आणि या व्यवसायात मला जमणारी सगळ्यात अवघड गोष्ट तीच आहे. शेवटी तो म्हणाला, "तीन दिवस झोपली नव्हतीस तू. म्हटलं, पडू दे जरा."

ती त्याच्याकडे बघत राहिली. इतके दिवस तिने गृहीत धरलं होतं, की त्याने बेफिकिरीने औषध ओतलं. आणि त्याने धरलं होतं, की बायको आपल्याला कधीच माफ करणार नाही. मुलाला तिसरा डोस गेला तो बायकोची झोपमोड होऊ नये म्हणून.

तेव्हा मला जे सुचलं ते मी आता पुष्कळ जोडप्यांना सांगते, आणि कबूल करते, जरा ऐटीतच सांगते. मराठीत काळजी करतातही आणि घेतातही. त्या रात्री दोघंही काळजी करत होते, आपापल्या जागी, मुकाट्याने. काळजी घ्यायला एक शब्द बोलायला हवा होता किंवा कागदावर एक ओळ लिहायला हवी होती.

म्हणून वही आली. फ्रिजवर चुंबकाने अडकवलेली, दोरीला पेन बांधलेली. पहिल्या पानावर मुलाचं वजन, तारखेसकट, कारण डोस वयावर नाही, वजनावर ठरतो आणि वजन बदलत राहतं. त्याखाली कुठल्या बाटलीचं किती मिली, हे डॉक्टरांकडून लिहून घेतलेलं. पॅरासिटामॉलच्या दोन डोसांत किमान चार तास, शक्यतो सहा. चोवीस तासांत चारपेक्षा जास्त वेळा नाही. औषध पाजण्याआधी लिहायचं, नंतर नाही. नंतर मूल उलटी करतं, रडतं, लिहायचं राहून जातं. (उलटी झाली तर दुसरा डोस अंदाजाने देऊ नका, फोन करून विचारा. किती वेळाने उलटी झाली यावर ते ठरतं.) नवी बाटली आली की जुनी टाकून द्यायची आणि वहीतला आकडा नव्याने तपासायचा.

वहीत मी आणखी एक रकाना घालायला लावला, त्याचं श्रेय मात्र माझं. "मूल कसं आहे?" आधी याचं उत्तर लिहायचं, मग थर्मामीटरचा आकडा. आई म्हणाली, "पण ताप डोक्यात गेला तर?" हा धाक घराघरांत आहे, जगभर आहे. बार्टन श्मिट या अमेरिकी बालरोगतज्ज्ञांनी १९८० मध्येच त्याला तापाचा भयगंड असं नाव दिलं. नेहमीच्या जंतुसंसर्गातला ताप सहसा मेंदूला इजा होईल इतका चढतच नाही. तापात झटके येणारी मुलं असतात, सहा महिने ते पाच वर्षं या वयातली शंभरात दोन ते पाच, पण तापाचं औषध वेळेवर दिल्याने ते झटके टळत नाहीत. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०११ मध्ये हेच स्पष्ट सांगितलं, की औषध मुलाला बरं वाटावं म्हणून द्यायचं, पारा खाली आणण्यासाठी नव्हे. १०२ ताप असून मूल ठोकळे रचत बसलं असेल तर औषधाची घाई नाही. आणि १०० असून कण्हत असेल, तर द्यावं. झोपलेल्या मुलाला तर ताप मोजायलाही उठवू नये.

हे सगळ्यांना लागू नाही, तेही तिला लिहून घ्यायला लावलं. तीन महिन्यांच्या आतल्या बाळाला ३८ अंश सेल्सिअस, म्हणजे १००.४ फॅरनहाइट ताप आला तर घरी डोस काढत बसायचं नाही, थेट डॉक्टर. मूल मोठं असलं तरी ते मलूल पडलं, श्वास घेताना ओढ लागली, मान ताठरली, लघवी अगदी कमी झाली, बोटाने दाबूनही न मावळणारे पुरळ उठले किंवा झटका आला, तर आकडा कितीही असो, निघायचं.

पुढे चार भेटी झाल्या, त्यांत सांगण्यासारखं विशेष नाही. थर्मामीटर वीस मिनिटांवरून दोन तासांवर आला. एकदा तिने मला फोन न करता एक पूर्ण आजारपण काढलं आणि नंतर कळवलं. तेव्हा मला माझ्या फीपेक्षा जास्त काही मिळाल्यासारखं वाटलं.

शेवटच्या भेटीला ती वही घेऊन आली. एक पान उघडून माझ्यापुढे सरकवलं. वरच्या ओळी बाबांच्या तिरप्या अक्षरात: "रात्री १.१०. रडतोय, कान धरतोय. १०१.८. साडेसात मिली, १२०ची बाटली. मी दिलं. तू झोप."

त्याखाली तिचं अक्षर: "पहाटे ५. शांत झोपलाय. ताप बघितला नाही."